कागद जाळणाऱ्या पुरुषाचे चरित्र

थोर म्हणविल्या जाणाऱ्या पुरुषांच्या चरित्रकारास बहुधा कागदांच्या विपुलतेचाच जाच होतो. पत्रे, रोजनिश्या, भाषणे, स्नेह्यांच्या आठवणी यांचा ढीग त्याच्यापुढे पडलेला असतो, आणि त्यांतून काय घ्यावे व काय टाकावे, एवढाच काय तो प्रश्न उरतो. सर जॉर्ज टॉबमन गोल्डी याच्या चरित्रकारांवर मात्र नेमका याच्या उलट प्रसंग ओढवला. पश्चिम आफ्रिकेत नायजर नदीच्या खोऱ्यामध्ये ज्या व्यापारी कंपनीने इंग्रजी सत्तेचा पाया घातला, तिचा हा पुरुष केवळ प्राण होता. १९२५ साली तो लंडन येथे वारला. परंतु तत्पूर्वी त्याने आपले खासगी कागदपत्र नष्ट केले, आणि आपले चरित्र लिहिणाऱ्यास साहाय्य कराल तर शाप लागेल, असे आपल्या मुलांस बजावून ठेवले. परलोकावर विश्वास नसलेल्या मनुष्याने शापाची भाषा वापरावी यातील विनोद बाजूस ठेवला, तरी असा प्रश्न उभा राहतोच की, ज्याने आपला पुरावा आपल्याच हाताने नाहीसा केला, त्याचे चरित्र लिहावे तरी कसे? आणि जे लिहिले गेले आहे ते वाचावे कसे?

हा प्रश्न मनात धरूनच आम्ही त्याच्यावरील दोन पुस्तके लागोपाठ वाचली. पहिले डॉरोथी वेलस्ली यांचे ‘सर जॉर्ज गोल्डी : नायजेरियाचा संस्थापक’ हे आठवणीवजा पुस्तक, ते १९३४ साली मॅकमिलन कंपनीने प्रसिद्ध केले असून त्यास स्टीफन ग्विन यांची ऐतिहासिक प्रस्तावना जोडलेली आहे. दुसरा जॉन फ्लिंट यांचा ‘सर जॉर्ज गोल्डी आणि नायजेरियाची घडण’ हा ग्रंथ. तो १९६० साली, म्हणजे नायजेरिया स्वतंत्र झाला त्याच वर्षी निघाला. यांखेरीज आणखी दोन ग्रंथांचा विचार पुढे ओघाने करावयाचा आहे. ते गोल्डीची चरित्रे नव्हेत. परंतु त्यांवाचून गोल्डीचे चरित्र पुरे होत नाही, असे आमचे मत झाले आहे, व तेच या लेखात सांगावयाचे आहे.

प्रथम चरित्रनायकाचा अल्प परिचय करून देणे अवश्य आहे. गोल्डीचा जन्म १८४६ साली आइल ऑफ मॅन या बेटावरील एका खानदानी कुटुंबात झाला. वूलिच येथील लष्करी विद्यालयात शिकून तो १८६५ साली रॉयल इंजिनिअर्स या पथकात अधिकारी झाला. पुढे सुमारे दोन वर्षांनी एका नातलगाची मालमत्ता हाती येताच त्याने नोकरीवर पाणी सोडले, व राजीनामा देण्याचीही तसदी न घेता थेट मिसर देश गाठला. तेथे एका अरब तरुणीवर त्याचे मन बसले, आणि तिच्यासह सुदानच्या वाळवंटात त्याने सुमारे तीन वर्षे काढली. तेथेच तो अरबी भाषा शिकला, आणि हाइन्रिख बार्थ या जर्मन प्रवाशाने लिहिलेले मध्य आफ्रिकेचे प्रवासवृत्त त्याच्या वाचनात आले. मायदेशी परतल्यावर घरच्या शिक्षिकेस घेऊन त्याने पॅरिसला पलायन केले. तेथे १८७० च्या जर्मन वेढ्यात दोघेही अडकून पडली, आणि १८७१ साली त्यांचा विवाह झाला. तिशीच्या उंबरठ्यावर आलेल्या या मनुष्याच्या पदरी तोवर सोडलेली तलवार आणि दुखावलेले घराणे, यांवाचून दुसरे काही नव्हते. अशा वेळी नात्यातील एका गृहस्थाची नायजरवर व्यापार करणारी बुडीत निघालेली पेढी गोल्डीच्या घराण्याने घेतली, आणि १८७७ साली तो स्वतः त्या नदीवर गेला.

एवढा भाग वाचताना वाचक रंगून जातो यात नवल नाही, व वेलस्लीबाईंच्या पुस्तकाचे बळही येथेच आहे. त्यांनी गोल्डीस लहानपणापासून पाहिले होते. त्यांचे सावत्र वडील लॉर्ड स्कार्बरो हे त्याच्या कंपनीच्या संचालकांपैकी एक, आणि त्यामुळे वृद्ध गोल्डीचे बोलणे, त्याचा समारंभांविषयीचा तिटकारा, त्याची धर्मावरील अश्रद्धा व त्याच्या अंगचा कोंडलेला संताप ही सर्व त्यांच्या नित्याच्या परिचयातील होती. बाई स्वतः कवयित्री असल्यामुळे त्यांना माणूस दिसतो आणि तो त्यांस दाखविताही येतो. मराठी वाचकास या नावाचे आणखीही कुतूहल वाटेल. कारण १८०३ साली असईच्या रणांगणावर मराठ्यांच्या फौजेशी लढलेल्या आर्थर वेलस्लीच्या वंशजाशी त्यांचा विवाह झाला होता. परंतु दिवाणखान्यातून पाहिलेल्या माणसाच्या चित्रात दिवाणखान्याबाहेरचे काय दिसणार? नायजरवर कोणत्या दराने तेल घेतले जात होते, कोणाची होडी कोणत्या चौकीवर अडविली जात होती, या गोष्टी त्या घरात बोलल्या जात असतील तर त्या पुस्तकात उतरलेल्या नाहीत. नायकाची बंडखोर वृत्ती, वाळवंटातील प्रेम आणि जळालेले कागद या तिहींच्या मोहिनीखाली पुस्तक संपते, व वाचकाच्या मनावर एवढाच ठसा राहतो की, एका मोठ्या मनाच्या पुरुषाने एक राष्ट्र निर्माण केले आणि कीर्तीकडे पाठ फिरविली. ग्विन यांची प्रस्तावना सालवारी पुरविते, पण या ठशास कोठे धक्का लावीत नाही.

फ्लिंट यांचा ग्रंथ हाती घेतला की हवा पालटते. नायकाचे कागद जळाले असले तरी ज्यांच्याशी त्याचा व्यवहार झाला त्यांचे कागद काही त्याच्याबरोबर जळत नाहीत, हे इतिहासकाराचे भाग्य होय. ब्रिटिश परराष्ट्र खात्याच्या दप्तरातून आणि कंपनीच्या व्यवहारातून फ्लिंट यांनी गोल्डीचे जे स्वरूप उभे केले आहे, ते व्यापाऱ्याच्या पोशाखातील सेनापतीचे आहे. नायजरच्या मुखाशी आपसांत झगडणाऱ्या इंग्रजी पेढ्या एकमेकींचे भाव चढवून स्वतःचेच नुकसान करून घेत आहेत, हे त्याच्या ध्यानी येताच १८७९ साली त्याने चार पेढ्या एकत्र करून ‘युनायटेड आफ्रिकन कंपनी’ उभी केली. १८८२ साली तिचेच ‘नॅशनल आफ्रिकन कंपनी’ असे मोठे रूप झाले, आणि माजी मंत्री लॉर्ड ॲबरडेअर यांच्यासारखा वजनदार गृहस्थ तिच्या अध्यक्षपदी आणण्यात आला. नदीवर फ्रेंच कंपन्यांच्या वखारी होत्या, तेव्हा त्यांच्याशी भावाची लढाई मांडून गोल्डीने त्यांस टेकीला आणले, आणि १८८४ साली बर्लिन येथे युरोपीय राष्ट्रांची परिषद भरण्याच्या सुमारास त्यांचा सर्व पसारा विकत घेतला. खालच्या नायजरवर आता इंग्रजांवाचून कोणाचीही वखार उरलेली नाही, असे ब्रिटिश वकिलांस त्या परिषदेत निर्धास्तपणे सांगता आले ते यामुळेच. शत्रूंना एकेकटे गाठावे, आपले बळ एके ठिकाणी जमवावे, आणि तहाच्या बैठकीपूर्वी मुलूख हाती असावा, ही विद्या पेढीवर शिकविली जात नाही. दोनच वर्षे लष्करी पोशाख अंगावर बाळगलेल्या या माणसाची सारी व्यापारनीती लष्करी नकाशासारखी आहे, हे फ्लिंट यांचा ग्रंथ वाचताना पदोपदी जाणवते.

१० जुलै १८८६ रोजी कंपनीस राजसनद मिळाली, आणि तिचे नाव ‘रॉयल नायजर कंपनी’ असे झाले. येथे मराठी वाचकास निराळे काही समजावून सांगण्याची गरज नाही. कारण व्यापार करणारी मंडळी राज्य करू लागली म्हणजे काय होते, हे ‘कुंपणी सरकार’ या दोन शब्दांत आमच्या पणजोबांना ठाऊक होते. हिंदुस्थानात त्या सरकारचा कारभार १८५८ साली इंग्लंडच्या राणीने आपल्या हाती घेतला. त्यानंतर हा प्रकार कालबाह्य झाला असे वाटत असता १८८१ साली उत्तर बोर्निओच्या कंपनीस सनद मिळाली, आणि ते उदाहरण पुढे करून गोल्डीने नायजरसाठी तेच मागून घेतले. पुढे पूर्व आफ्रिकेत १८८८ साली व दक्षिण आफ्रिकेत ऱ्होड्सच्या कंपनीस १८८९ साली तशाच सनदा मिळाल्या. राज्य वाढवावे पण खजिन्यास तोशीस लागू नये, या त्या काळच्या इंग्रजी मुत्सद्द्यांच्या इच्छेस याहून सोयीचे साधन नव्हते. कंपनीने असाबा येथे आपले न्यायालय व ठाणे बसविले, समुद्राजवळ अकासा येथे बंदर केले, स्वतःची शिबंदी ठेविली, व जकातीचे दर ठरविले.

कंपनीच्या तहनाम्यांविषयी फ्लिंट यांचे विवेचन विशेष वाचनीय आहे. नदीकाठच्या राजांशी करावयाच्या करारांचे छापील नमुने कंपनीपाशी तयार असत. त्यांत नाव भरावयाचे आणि राजाने फुली मारावयाची. त्या फुलीने तो आपला सारा मुलूख कायमचा देऊन टाकीत असे, आणि कंपनी त्याचे रीतिरिवाज पाळण्याचे वचन देई. १८८५ साली जोसेफ थॉमसन हा प्रवासी कंपनीतर्फे सोकोतो व ग्वांडू येथील मुसलमानी राज्यांकडे गेला, व तेथून तह करून आला. इंग्रजी मसुदा वाचणारास त्यांत मोठमोठे हक्क दिसतात. परंतु सोकोतोच्या सुलतानाच्या दृष्टीने तो परक्या व्यापाऱ्यांनी सालिना नजराणा देऊन मिळविलेला व्यापाराचा परवाना होता. वसईचा तह करताना दुसऱ्या बाजीरावास आपण काय गमावीत आहोत याची निदान पुरती कल्पना होती. नायजरकाठच्या शेकडो राजांस तेवढीही नव्हती.

सनदेत एक कलम असे होते की, कंपनीने व्यापाराचा मक्ता करू नये. जकात घ्यावयाची ती राज्यकारभाराच्या खर्चापुरती, एवढीच मुभा होती. परंतु जकात बसविणारा आणि जकात भरणारा एकच असला, तर ती त्याच्या एका खिशातून दुसऱ्या खिशात जाते, आणि तिचा भार पडतो तो केवळ इतरांवर. एका जर्मन व्यापाऱ्यास कंपनीने हद्दपार केल्यावरून तक्रार झाली, आणि १८८९ साली मेजर क्लॉड मॅकडोनाल्ड यांस चौकशीसाठी पाठविण्यात आले; त्यांचा अहवाल सरकारने प्रसिद्ध केला नाही. सनदेच्या शब्दांआड मक्ता कसा उभा राहिला, हे फ्लिंट यांनी कोठेही आवाज न चढविता दाखविले आहे. वेलस्लीबाईंच्या पुस्तकानंतर हा ग्रंथ वाचावा आणि चरित्र व स्तोत्र यांतील भेद जाणावा, अशी आमची वाचकांस शिफारस आहे.

तथापि फ्लिंट यांच्याविषयीही आमची एक तक्रार आहे. त्यांची साधने बहुतांशी इंग्रजांची आहेत, त्यामुळे त्यांच्या ग्रंथातील वाद मुख्यतः इंग्रजांचे आपसांतील वाद ठरतात. कंपनी विरुद्ध परराष्ट्र खाते, कंपनी विरुद्ध लिव्हरपूलचे व्यापारी, कंपनी विरुद्ध फ्रेंच, असा तो पट आहे. ज्यांच्या अंगावर हे चरित्र घडले ती माणसे त्यात येतात, पण बहुधा फिर्यादी म्हणून किंवा अडथळा म्हणून. ही उणीव जिथे सर्वांत अधिक जाणवते, त्या अकासाच्या प्रसंगाकडे आता वळू.

नायजरच्या मुखाशी खारफुटीच्या दलदलीत नेंबे नावाचे नगर आहे. इंग्रज त्यास व त्याच्या बंदरास ब्रास म्हणत. तेथील जमीन खारी व चिखलाची, शेतीस निरुपयोगी. मासे आणि मीठ घ्यावे, ते होड्यांतून नदीच्या वरच्या अंगास न्यावे, आणि त्यांच्या बदल्यात धान्य व रताळ्यासारखे कंद आणावेत, हा तेथील लोकांचा परंपरेचा उदीम. पुढे गुलामांचा व्यापार आला, आणि तो बंद पडल्यावर ताडतेलाचा आला. साबण, मेणबत्त्या व यंत्रांस लागणारे वंगण यांसाठी इंग्लंडात त्या तेलास मोठी मागणी होती. गोऱ्यांच्या जहाजांवरून कापड, दारू, बंदुका वगैरे माल उचलीवर घ्यावा, आतल्या बाजारपेठांत तो विकून तेल आणावे, आणि उचल फेडावी, अशी ही अडत होती. केनेथ ओन्वुका डीके या नायजेरियन इतिहासकाराचा ‘नायजरच्या त्रिभुज प्रदेशातील व्यापार व राजकारण’ हा ग्रंथ १९५६ साली निघाला, त्यात या अडत्यांच्या राज्यांची घडण फार उत्तम रीतीने उलगडली आहे. मालक, कुळे व गुलाम यांचे मिळून एक ‘घर’. तेच व्यापाराची पेढी आणि तेच लढाऊ होडीचे पथक. या घरांतून पराक्रमी गुलामही पुढारी होऊ शके. डीके यांनी पहिल्यानेच हे ठासून सांगितले की, १८३० साली लँडर बंधूंनी नायजरचे मुख शोधून काढले तेव्हा तेथे काही पोकळी नव्हती. हिशेब, पत, कायदा आणि राजकारण जाणणारे लोक तेथे नांदत होते. त्यांचा ग्रंथ १८८५ पाशी थांबतो. सनदेचा काळ त्यात येत नाही. पण सनदेने काय मोडले हे कळण्यास तो वाचलाच पाहिजे.

कंपनीची सरहद्द आखली गेली तेव्हा नेंबे तिच्या बाहेर, शेजारच्या ब्रिटिश संरक्षित प्रदेशात राहिले, आणि त्याच्या बाजारपेठा मात्र कंपनीच्या हद्दीत गेल्या. एका रेघेने नेंबेचे लोक आपल्याच नदीवर परके ठरले. परक्यास कंपनीच्या हद्दीत व्यापार करावयाचा तर सालिना ५० पौंडांचा परवाना, प्रत्येक ठाण्याचा निराळा आकार, दारू विकावयाची तर आणखी १०० पौंड, आणि वर जकात. परवान्यावाचून जाणाऱ्या होड्या पकडल्या जात व माल जप्त होई. नेंबेच्या प्रमुखांनी अर्ज केले; मॅकडोनाल्ड, जे आता त्या संरक्षित प्रदेशाचे मुख्य अधिकारी झाले होते, त्यांनी सहानुभूतीने ऐकून घेतले व धीर धरण्यास सांगितले. अशी कित्येक वर्षे गेली. अखेर २९ जानेवारी १८९५ रोजी पहाटे राजा कोको याच्या नेतृत्वाखाली हजारावर माणसे लढाऊ होड्यांतून अकासावर चालून गेली. त्यांनी कंपनीच्या वखारी व यंत्रशाळा उद्ध्वस्त केल्या, आणि साठ-सत्तर माणसे कैद करून नेली. हा कोको पूर्वी ख्रिस्ती झालेला व शाळेत शिकविणारा गृहस्थ होता, आणि मग आपल्या जुन्या दैवतांकडे परतला होता.

यापुढील गोष्ट सांगणे सुखाचे नाही, पण ती गाळणे अप्रामाणिकपणाचे होईल. त्या कैद्यांपैकी काही ख्रिस्ती पक्षाच्या प्रमुखांनी इंग्रज अधिकाऱ्याच्या स्वाधीन केले. परंतु सुमारे चाळीस जणांस जुन्या धर्माच्या पक्षाने ठार मारले, आणि त्यांचे मांस विधिपूर्वक भक्षण केले. मारले गेलेले हे लोक कंपनीचे आफ्रिकन नोकर होते. त्या मक्त्याचा फायदा त्यांच्या पदरी पडत नव्हता. कंपनीच्या कैवाऱ्यांनी या एका गोष्टीने सारा वाद मिटवावा, आणि नेंबेच्या कैवाऱ्यांनी ती न बोलता पुढे जावे, असे दोन्ही प्रकार होऊ शकतात. आमच्या मते यांतील दुसरा प्रकार म्हणजे उलट दिशेने कागद जाळणेच होय. अन्याय सोसणारा मनुष्य त्यामुळे निर्दोष होत नाही. आणि त्याचा दोष सिद्ध झाला म्हणून त्याच्यावरील अन्याय न्याय ठरत नाही.

पुढच्याच महिन्यात ब्रिटिश आरमाराने नेंबे जाळून उद्ध्वस्त केले. मग लोकमताच्या रेट्याने सर जॉन कर्क यांची चौकशी नेमण्यात आली. एके काळी लिव्हिंगस्टनबरोबर आफ्रिकेत हिंडलेला व झांझिबार येथे कॉन्सल म्हणून मुरलेला हा गृहस्थ. कंपनीच्या नियमांमुळे देशी व्यापार जवळजवळ अशक्य झाला आहे आणि नेंबेच्या लोकांचे म्हणणे खरे आहे, असे त्याने स्पष्ट नमूद केले. नियम तरीही तत्काळ पालटले नाहीत. कोकोने इंग्रजांच्या अटी मान्य केल्या नाहीत; त्याच्या डोक्यावर बक्षीस लागले, आणि १८९८ साली तो रानोमाळ भटकत परागंदा अवस्थेतच मेला.

या प्रसंगासाठी आम्ही चौथ्या ग्रंथाकडे वळलो. ई. जे. अलागोआ हे स्वतः नेंबेचे. त्यांचे ‘लहानसे शूर नगरराज्य’ या अर्थाच्या नावाचे नेंबे-ब्रासच्या इतिहासाचे पुस्तक १९६४ साली निघाले. येथे दलदलीतील नगर हे कोणाच्या चरित्रातील अडथळा नसून कथेचे घर आहे. गोल्डीच या कथेत बाहेरून येतो, आणि बऱ्याच उशिरा येतो. वाड्यावाड्यांतून सांगत आलेल्या वंशकथा व वडीलधाऱ्यांच्या तोंडच्या परंपरा यांचा मेळ अलागोआ यांनी इंग्रजी दप्तराशी घातला आहे. अशा साधनांविषयी आमच्याकडे शंका निघेल हे आम्ही जाणून आहो. बखरींपेक्षा अस्सल कागदास मान द्यावा, ही शिकवण राजवाड्यांनी आम्हांस दिली आणि ती योग्यच होती. परंतु त्यांच्या पाठीशी कागदांनी भरलेले वाडे होते. जेथे एका पक्षापाशी छापखाना व दप्तरखाना, आणि दुसऱ्यापाशी केवळ स्मरण, तेथे कागदाचाच आग्रह धरणे म्हणजे निकाल आधीच लावून ठेवणे होय. मौखिक परंपरा तपासून घ्यावी. पण त्याच काट्याने इंग्रजी तहनामाही तपासावा. त्या फुलीच्या अस्सलपणाबद्दल वाद नाही. ती मारणाराच्या मनात काय होते हे मात्र तो कागद सांगत नाही.

गोल्डीच्या पक्षाने जे सांगण्यासारखे आहे तेही सांगितले पाहिजे. काँगोत बेल्जियमच्या लिओपोल्ड राजाच्या अमलाखाली जो कहर झाला, तसला प्रकार नायजरवर झाला नाही. उत्तरेकडील मुलखात दारू नेण्यास कंपनीने मनाई केली. १८९७ च्या जानेवारीत सुमारे पाचशे हौसा शिपाई आणि मॅक्सिम तोफा घेऊन गोल्डी स्वतः नुपे राज्यावर गेला, आणि कितीतरी पटींनी मोठ्या सैन्याचा मोड करून त्याने बिडा शहर घेतले. लगेच इलोरिनही घेतले. त्याच वर्षी जून महिन्यात कंपनीने आपल्या हद्दीत गुलामगिरीची कायदेशीर मान्यता रद्द केली. या मोहिमेवर व्हॅन्डेलर या अधिकाऱ्याने १८९८ साली लिहिलेल्या पुस्तकास गोल्डीने जी प्रस्तावना दिली, ती त्याच्या हातच्या थोड्या छापील लेखनापैकी असल्याने मोलाची आहे. देशी राज्यकर्त्यांच्या मार्फत व देशी रीतीनेच राज्य चालवावे, असे त्याचे तेथे प्रतिपादन आहे. पुढे लुगार्डने हेच तत्त्व शास्त्रासारखे मांडून नाव मिळविले. पण बिड्याचा शेवट काय झाला? गोल्डीने नवा अमीर गादीवर बसविला, आणि कंपनीचे सैन्य माघारी फिरताच पदच्युत अमीर परत आला. मुलूख जिंकावा पण राखण्याचा खर्च करू नये, ही व्यापाऱ्याची मर्यादा येथे सेनापतीस नडली.

फ्रान्सशी सरहद्दीचा तंटा वाढला, तेव्हा तो एका व्यापारी मंडळीच्या बळावर निभणार नाही हे उघड झाले. १८९९ च्या अखेरीस सनद संपुष्टात आली, आणि १ जानेवारी १९०० पासून ब्रिटिश सरकारने कारभार आपल्याकडे घेतला. मोबदला म्हणून कंपनीस ८,६५,००० पौंड मिळाले, शिवाय ठराविक मुलखातील खनिजांच्या स्वामित्वधनाचा अर्धा वाटा ९९ वर्षांपर्यंत. ज्यांची ती जमीन, ते या व्यवहारात पक्षकार नव्हते. कंपनी केवळ व्यापारी म्हणून उरली, आणि १९२० साली साबणवाल्या लीव्हर बंधूंनी ती विकत घेतली. लीव्हर हे नाव पुढे मुंबईत शिवडीच्या कारखान्यातून आमच्याही घरांत न्हाणीपर्यंत पोहोचले. नायजरच्या मुखाजवळ ओलोईबिरी येथे १९५६ साली खनिज तेल सापडले. ज्या वर्षी डीके यांचा ग्रंथ छापला गेला तेच हे वर्ष. ताडतेलासाठी जिला ‘तेलाच्या नद्या’ म्हणत, ती भूमी पुन्हा एकदा तेलासाठीच जगाच्या नजरेत भरली.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. गोल्डीने कागद जाळले याची वेलस्लीबाईंनी निःस्पृहता म्हणून वाखाणणी केली, आणि हे वाचताना आमचेही मन प्रथम त्याच बाजूस झुकले हे कबूल केले पाहिजे. कीर्तीकडे पाठ फिरविणारा पुरुष आम्हां मराठी लोकांस विशेष आवडतो. आमच्या संतांनी व देशभक्तांनी ती गोडी आम्हांस लावली आहे. ऱ्होड्सने एका देशास आपले नाव दिले. गोल्डीच्या मुलखास १८९७ साली फ्लोरा शॉ या लेखिकेने ‘नायजेरिया’ हे नाव सुचविले, आणि तो स्वतः आडच राहिला. हा फरक खरा आहे व तो गोल्डीस शोभतो. परंतु संन्यासी आपले कागद टाकतो ते त्याने कोणाचे देणे ठेवलेले नसते म्हणून. जो व्यापारी दुकान बंद करताना कीर्दखतावणी जाळतो, त्यास आम्ही निःस्पृह म्हणत नाही. त्याचे घेणेकरी दाराशी उभे आहेत काय, हे प्रथम पाहतो. गोल्डीचे कागद हे केवळ त्याच्या मनाचे कागद नव्हते. एका मोठ्या मुलखाचे राज्य काही वर्षे त्या हातांत होते. त्याचा हिशेब सर्वस्वी त्याचा खासगी नव्हता. प्रेमपत्रे जाळण्याचा अधिकार प्रत्येकास आहे; कारभाराचा पुरावा जाळण्याचा अधिकार राज्यकर्त्यास नाही, मग तो कितीही विरक्त असो. यावर कोणी म्हणेल, त्याने नेमके काय जाळले हे कोणास ठाऊक? खरे आहे, आणि म्हणूनच संशयाचा फायदा त्याला न देता नेंबेला द्यावा, असे आम्हांस वाटते.

ज्या वाचकास हा विषय धुंडाळावयाचा असेल त्याने क्रम असा ठेवावा. प्रथम वेलस्लीबाई वाचाव्या, म्हणजे माणूस दिसेल. मग फ्लिंट, म्हणजे त्याचा कारभार कळेल. मग डीके, म्हणजे तो आला तेव्हा तेथे काय होते ते समजेल. आणि शेवटी अलागोआ, म्हणजे दाराशी कोण उभे होते ते दिसेल. चारही वाचल्यावर ‘संस्थापक’ आणि ‘घडण’ हे मथळ्यांतील शब्द पूर्वीसारखे सहज वाचता येत नाहीत. ग्रँट डफ वाचून मग राजवाड्यांचे खंड उघडणाऱ्या पिढीस हा अनुभव नवा नव्हता. आमच्या भूमीवर कुंपणीच्या चाकरीत आलेल्या कितीतरी शिपाईगड्यांची चरित्रे इंग्रजीत आहेत. त्यांची आमच्या बाजूची चरित्रे मराठीत फारच थोडी. त्यांपैकी पुष्कळांचे कागद जळालेले नाहीत, आणि आमचे पेशवे दप्तरही पुण्यात आहे. नेंबेच्या लेखकाने दप्तरावाचून जे केले, ते दप्तर असता आम्हांस अशक्य वाटू नये.